भाकरी चार्ल्समुळे फुगत नाही

मी दोन वर्षं अकरावीच्या पोरांना चुकीचं शिकवलंय. मुद्दाम नाही, पण शिकवलंय. आणि नुसतं शिकवलं नाही तर हातवारे करून, फळ्यावर टम्म फुगलेल्या भाकरीचं चित्र काढून, पोरांना हसवून शिकवलंय, त्यामुळे ते त्यांच्या डोक्यात पक्कं बसलेलं असणार. जे बरोबर शिकवलं ते केव्हाच विसरले असतील.

एमएस्सी झाल्यावर नोकरी लागेपर्यंत मी सोलापुरात एका क्लासमध्ये केमिस्ट्री घ्यायचो. पत्र्याचं शेड, दोन पंखे, त्यातला एक फक्त आवाज करणारा, आणि मे महिन्याची व्हेकेशन बॅच. सोलापूरचा मे ज्यांनी बघितलाय त्यांना जास्त सांगायला नको. दुपारी दोनला त्या पत्र्याखाली साठ पोरं बसवून त्यांना 'वायूंचं वर्तन' शिकवायचं म्हणजे वायूचं सोडा, आपलंच वर्तन ताब्यात ठेवणं अवघड. त्यामुळे मी उदाहरणांवर भर द्यायचो : वायूचा दाब, जागा आणि तापमान यांच्या नात्याचा, ज्याच्या त्याच्या नावाचा एकेक नियम, आणि त्याला घरातलं एकेक उदाहरण. बॉइलला इंजेक्शनची सिरिंज : पुढचं तोंड बोटाने दाबा, दट्ट्या आत ढकला, जागा निम्मी, दाब दुप्पट. चार्ल्सला भाकरी : तव्यावर तापली की आतली हवा प्रसरण पावते आणि भाकरी फुगते. गे-ल्युसॅकला कुकर : जागा तेवढीच, तापमान वाढलं, दाब वाढला, शिट्टी. तीन नियम, तीन उदाहरणं, पोरं खूश, मी खूश. चौथा अ‍ॅव्होगाड्रो, त्याला शेवटची दहा मिनिटं, कारण त्यात शिकवायचं काय, वायू जास्त भरला की जागा जास्त लागणार, हे शेंबड्या पोरालाही कळतं. मग एका मोलमधल्या कणांचा आकडा (मोल म्हणजे कण मोजायचा डझनसारखा गठ्ठा), सहा पूर्णांक शून्य दोन दोन गुणिले दहाचा तेविसावा घात तीनदा मोठ्याने म्हणून घ्यायचा आणि सुट्टी.

तर एकदा रात्री मी ओट्याजवळ पाटावर बसलो होतो, आई भाकऱ्या करत होती आणि मी मोठ्या तोऱ्यात तिला सांगितलं की आई, तू रोज चार्ल्सचा नियम सिद्ध करतेस, आतली हवा गरम झाली की ती पसरते आणि भाकरी फुगते.

आई म्हणाली, "हवा? हवेनं फुगत असती तर शिळ्या पिठाची का फुगत नाही? त्यात काय हवा नसती का?"

मी म्हटलं, अगं शिळ्या पिठाची विरी गेलेली असते, ती चिरते, चिरेतून हवा जाते.

"चिरते ते बरोबर. पण पाणी कमी पडलं तरी फुगत नसतंय. अन् वरनं पाणी लावलेलं पार वाळून गेलं अन् उलटायला उशीर झाला, तरी फुगत नसतंय. पाण्याचा खेळ हाय तो. हवेचं काय घेऊन बसलायस."

आणि तिने पुढची भाकरी थापायला घेतली. मी तेव्हा पहिल्यांदा, म्हणजे पंचवीस वर्षं खाल्ल्यावर पहिल्यांदा, नीट बघितलं. काठवटीत पीठ, त्यात कोमट पाणी, तळहाताच्या खालच्या भागाने रगडून रगडून मळायचं, गोळा, थापणं, हात फिरवत फिरवत कडेपर्यंत सारखी जाडी. तव्यावर टाकताना पिठाची बाजू वर. मग ओल्या हाताने वरून पाणी सारवायचं, सगळीकडे, कड धरून. ते पाणी दिसेनासं व्हायच्या बेताला, पण पार सुकायच्या आधी, उलटायची. दुसरी बाजू चांगली भाजली की तवा बाजूला करून थेट जाळावर. आणि मग कुठेतरी मधे एक फोड आल्यासारखं होतं, ती फोड पसरत पसरत कडेपर्यंत जाते, आणि वरचा पापुद्रा अख्खा सुटून वर येतो. टम्म. या सगळ्यात हवा आत घालायची अशी एकही पायरी नाही. पाणी घालायच्या दोन आहेत.

त्या रात्री क्लासच्या फी-पावतीच्या मागच्या बाजूला हिशोब केला. खरं तर हा हिशोब मला पहिल्या दिवशीच करता आला असता, दुसरीतल्या पोराच्या भागाकाराएवढा आहे. समजा भाकरीत थोडीफार हवा अडकलेली आहे, तीस अंशाला. ती शंभर अंशाला गेली. केल्व्हिनमध्ये (सेल्सिअसमध्ये २७३ मिळवायचे, का ते पुढे) म्हणजे ३०३ वरून ३७३. भागाकार करा : १.२३. म्हणजे चार्ल्ससाहेबांची पूर्ण कृपा झाली तरी हवा फक्त पाव पटीने वाढणार. चमचाभर हवेचा बुडबुडा असेल तर तो सव्वा चमचा होईल. त्याने भाकरी फुगत नाही, भाकरीला पत्ताही लागणार नाही.

आता पाणी घ्या. एक ग्रॅम पाणी, म्हणजे चहाच्या चमच्याचा पाचवा हिस्सा. त्याची शंभर अंशाला वाफ झाली तर ती किती जागा घेईल? एक ग्रॅम भागिले अठरा (पाण्याचा रेणुभार) म्हणजे ०.०५६ मोल, गुणिले ०.०८२१ (वायूंचा स्थिरांक) गुणिले ३७३, भागिले एक वातावरण (बाहेरच्या हवेएवढा दाब). १.७ लिटर. सतराशे पट. फुगलेल्या भाकरीच्या पोटात अर्धा लिटर जागा असेल असं धरलं, तर तेवढ्याला ०.३ ग्रॅम पाणी पुरतं. सहा थेंब. आईच्या ओल्या हातावरून तव्याकडेला निथळून चर्र होतं ते त्याहून जास्त असतं.

म्हणजे भाकरी फुगवणारे ते सहा थेंब. चार्ल्सचा त्यात हात लागलाच असेल तर चिमूटभर.

दुसऱ्या दिवशी मी क्लासमध्ये जाऊन पोरांना हे सांगितलं का? नाही सांगितलं. धडा संपला होता, पुढचा चालू झाला होता, टेस्ट होती, आणि खरं कारण म्हणजे लाज वाटली. पुढच्या वर्षीच्या बॅचला तर, आता हे लिहिताना पण कसंतरी होतंय, परत भाकरीच सांगितली. कारण पोरं हसतात.

पण डोक्यात किडा शिरला तो शिरलाच. मग कुकर पण तपासला. कुकरमध्ये नुसती हवा कोंडली आणि २७ अंशावरून १२१ अंशावर नेली (पाणी न घालता कुकर तापवायचा नसतो, हे फक्त कागदावर) तर दाब ३०० चा ३९४, म्हणजे १.३ पट. घरातल्या कुकरमध्ये प्रत्यक्षात आत साधारण दोन वातावरणांचा दाब होतो, तेवढा झाला की वरचं वजन उचललं जातं आणि शिट्टी होते. बाकीचा दाब कुठून आला? वाफेतून. गे-ल्युसॅकचा नियम सांगताना आपण म्हणतो की 'वायूचं प्रमाण स्थिर असताना'. कुकरमध्ये ते स्थिर नसतंच, पाणी सारखं वाफ होऊन भरती करत असतं. म्हणजे माझ्या तीन उदाहरणांपैकी दोन बाद. सिरिंज तेवढी वाचली, आणि ती पण हळू दाबली तर. जोरात दाबली तर आतली हवा तापते आणि बॉइलची 'तापमान स्थिर' ही अट मोडते. सायकलचा पंप दहा-वीस वेळा मारून त्याच्या बुडाला हात लावलाय कधी? चटका बसतो. लहानपणी वाटायचं दट्ट्या घासून तापतो. थोडा घासण्यानेही तापतो, पण मुख्यतः दाबलेली हवाच तापते.

माझी चूक नुसती उदाहरणांची नव्हती. हे चारही नियम एका ओळीत बसवणारं पीव्ही बरोबर एनआरटी मला पाठ होतं, त्यावरची गणितं डोळे झाकून सोडवायचो, पण मी त्यातल्या तीनच अक्षरांकडे बघत होतो : पी, व्ही, टी. दाब, जागा, तापमान. तीन नायक. आर म्हणजे स्थिरांक, तो काय बिचारा, ८.३१४ किंवा ०.०८२१, एककं बघून टाकायचा. आणि एन म्हणजे गणितात दिलेली रक्कम, वजन भागिले रेणुभार केलं की निघते. एन काय असतं, ते बदलतं कधी, कोण बदलतं, हा प्रश्नच कधी पडला नाही. आणि घरात, रस्त्यावर, गॅरेजमध्ये जिथे जिथे वायू काहीतरी करताना दिसतो तिथे निम्म्याहून जास्त वेळा खेळ एनचा असतो. किती कण आत आले, किती बाहेर गेले. ज्याला मी दहा मिनिटं देत होतो तोच सगळीकडे बसलेला.

यात मी एकटा नाही, हे नंतर इतिहास वाचताना कळलं आणि जरा बरं वाटलं. रसायनशास्त्राने अख्ख्या एनकडे जवळजवळ पन्नास वर्षं दुर्लक्ष केलंय.

बॉइलचं काम १६६२ चं. इंग्रजी जे अक्षरासारखी वाकवलेली काचेची नळी, आखूड बाजू बंद, लांब बाजू उघडी, उघड्या बाजूने पारा ओतत जायचा आणि बंद बाजूला अडकलेली हवा किती दबते ते मोजायचं. ती नळी एवढी लांब होती की खोलीत मावेना म्हणून जिन्यात उभी केली होती, आणि एक नळी मधेच फुटली सुद्धा. मला हे वाचून फार आनंद झाला होता. आमच्या कॉलेजच्या लॅबमध्ये काही फुटलं की लॅब असिस्टंट जे बघायचे तेव्हा आम्हाला कोणी सांगितलं असतं की बॉइलची पण फुटली होती तर. चार्ल्सचं वेगळंच. तो फुगेवाला. १७८३ च्या ऑगस्टमध्ये त्याने पॅरिसमधून हायड्रोजनचा फुगा सोडला, तो गोनेस नावाच्या गावात जाऊन पडला आणि गावकऱ्यांनी राक्षस समजून त्याला बडवून फाडला. त्याने वायू आणि तापमानाचे प्रयोग १७८७ च्या आसपास केले पण छापलेच नाहीत. १८०२ साली गे-ल्युसॅकने स्वतःचे प्रयोग छापले आणि त्यात प्रामाणिकपणे चार्ल्सचं नाव घेतलं, म्हणून आज आपण चार्ल्सचा नियम म्हणतो. नाहीतर गेला असता.

आणि मग १८११. अ‍ॅव्होगाड्रो म्हणाला की तापमान आणि दाब सारखे असतील तर सारख्या जागेत सारखेच कण असतात, मग वायू कुठलाही असो. हायड्रोजन असो, ऑक्सिजन असो, हलका असो, जड असो. हे वाक्य शेंबड्या पोराला कळतं असं मी वर म्हटलं ना, ते अजिबात खरं नाही. जरा थांबून विचार करा, हे किती विचित्र आहे. एक पोतं ज्वारीचं आणि एक पोतं कलिंगडांचं, आणि कोणीतरी छातीठोकपणे सांगतंय की दोन्हीत नग सारखेच. का? कारण वायूत कण एवढे लांब लांब असतात की कणाच्या आकाराने काही फरकच पडत नाही, जागा व्यापतो तो रिकामेपणा. तेव्हा हे फारसं कोणाला पटलं नाही. पटलं कधी, तर १८६० साली कार्ल्सरूहला केमिस्ट लोकांची परिषद भरली तिथे कॅनिझारो नावाच्या इटालियन माणसाने ते लावून धरलं त्यानंतर. अ‍ॅव्होगाड्रो १८५६ मध्येच गेला होता.

पण ज्याच्यासाठी मला खरं वाईट वाटतं तो माणूस वेगळाच. आणि तो मुंबईत बसून हे करत होता.

जॉन जेम्स वॉटरस्टन. एडिंबरोचा, जन्म १८११, म्हणजे अ‍ॅव्होगाड्रोचा लेख आला त्याच वर्षी. शिकला इंजिनिअरिंग, आणि १८३९ साली मुंबईला आला, ईस्ट इंडिया कंपनीच्या आरमारातल्या कॅडेट पोरांना शिकवायला. मास्तर. म्हणजे दिवसा आमच्यासारखीच पोरं हाकायची आणि उरलेल्या वेळात विचार करायचा. त्याने काय विचार केला, तर वायू म्हणजे सतत पळणारे, एकमेकांवर आणि भिंतीवर आपटणारे कण, दुसरं काही नाही. तो म्हणाला, उन्हाच्या तिरिपेत चिलटांचा थवा दिसतो ना, तसं. भिंतीवर आपटतात तो दाब. पळण्याचा जोर म्हणजे तापमान. एवढ्यावरून त्याने बॉइल काढून दाखवला, चार्ल्स काढून दाखवला, आणि अ‍ॅव्होगाड्रो पण काढून दाखवला. जड कण सावकाश पळतात, हलके जोरात, पण सरासरी ऊर्जा दोघांची सारखी, म्हणून धक्के सारखे, म्हणून नग सारखे. ज्वारी आणि कलिंगडाचं उत्तर हे आहे. मला हे एमएस्सीला चार पानांच्या डेरिव्हेशनमध्ये शिकवलं होतं आणि त्यातून चिलटं कुठेही दिसली नव्हती.

१८४५ साली त्याने हा लेख मुंबईहून लंडनला रॉयल सोसायटीकडे पाठवला. तपासणाऱ्याने शेरा मारला की हा निव्वळ मूर्खपणा आहे, सोसायटीपुढे वाचायच्याही लायकीचा नाही. लेख छापला नाही, आणि परतही मिळाला नाही, आणि त्याच्याकडे दुसरी प्रत नव्हती. पुढे १८५७ ला क्लॉसियसने आणि १८६० ला मॅक्सवेलने तीच कल्पना मांडली आणि जगाने डोक्यावर घेतली. वॉटरस्टन १८५७ मध्ये एडिंबरोला परत गेला, १८८३ साली एक दिवस फिरायला म्हणून बाहेर पडला आणि परत आलाच नाही. त्यानंतर आठ वर्षांनी लॉर्ड रॅलेने सोसायटीच्या दप्तरातून तो जुना लेख शोधून काढला आणि १८९२ मध्ये छापला, लिहिल्यापासून सत्तेचाळीस वर्षांनी. मुंबईत त्याच्या नावाची साधी पाटी मी तरी बघितलेली नाही. फोर्टात गेलो की मला उगाच तो आठवतो, मे महिन्यात अंगाला चिकटणारा कोट घालून, उन्हाच्या तिरिपेत चिलटं बघत बसलेला.

असो. मी पुण्याला आलो, केमिस्ट्री सुटली, कंपनीच्या क्वालिटी डिपार्टमेंटला लागलो. एनने मात्र सोडलं नाही.

एकदा रिक्षात बसलो होतो, ड्रायव्हर सीएनजी भरायला लाइनीत लागला. पुण्यातली सीएनजीची लाइन म्हणजे अर्धा तास नक्की, त्यामुळे गप्पा झाल्याच. तो म्हणाला, "साहेब, मी कायम पहाटे भरतो, आज राहिलं. दुपारी गॅस कमी बसतो." मी म्हटलं, किलोवर पैसे देताय ना, मग कमी बसला तर पैसेही कमी. तो म्हणाला, "पैसे कमी, पण परत लाइन लवकर लागते ना. अन् भरल्यावर काटा दोनशेला असतो, चहा पिऊन आलो की खाली आलेला असतो. गळती नाय, चेक केलंय. तो उतरतोच."

मला त्याला मिठी मारावीशी वाटली. कारण हे संपूर्ण पीव्ही बरोबर एनआरटी होतं, आणि या वेळी चारही अक्षरं हजर होती. टाकीची जागा ठरलेली. पंप साधारण दोनशे बार (एक बार म्हणजे जवळपास एक वातावरण) दाबाला थांबतो. आणि गॅस टाकीत जोरात कोंबला जातो तेव्हा तो तापतो, सायकलच्या पंपासारखाच, त्यात दुपारचं ऊन. टी वाढलेला आहे, पी ठरलेला आहे, व्ही ठरलेला आहे, मग कमी कोण होणार? एन. टाकीतला गॅस २७ ऐवजी ५७ अंशाला असेल तर ३०० भागिले ३३०, म्हणजे साधारण नऊ टक्के कमी गॅस. चहा पिऊन होईपर्यंत टाकी निवते, आता एन ठरलेला, टी उतरला, म्हणून काटा उतरतो. हा माणूस रोज हे बघत होता, आणि त्याने बरोबर निष्कर्ष काढला होता की पहाटे भरावा. मी त्याला मोल, केल्व्हिन वगैरे सांगायला सुरुवात केली. त्याने आरशातून असं बघितलं की मी गप्प बसलो.

घरी येऊन परत पावतीच्या मागे गणित (ही सवय राहिलीच). कारमध्ये साठ लिटरची टाकी असते ती घेतली. दोनशे बार, ३०० केल्व्हिन, मिथेनचा (सीएनजी म्हणजे बहुतेक मिथेनच) रेणुभार १६. आदर्श वायूच्या हिशोबाने, म्हणजे कण एकमेकांना ओढत नाहीत असं धरून, पावणेआठ किलोच्या आसपास उत्तर येतं. आणि आमचा एक मित्र सांगतो की थंडीत पहाटे गच्च भरली तर त्याच्या गाडीत याच्यापेक्षा चांगला जास्त बसतो. तो थापा मारत नाही. एवढ्या दाबाला कण इतके जवळ येतात की त्यांचं एकमेकांना ओढणं जाणवायला लागतं, ते जरा आवळून बसतात, त्यामुळे तेवढ्याच दाबात जास्त मावतात. व्हॅन डर वाल्सने १८७३ साली आपल्या प्रबंधात हेच मांडलं होतं आणि त्यासाठी १९१० चं नोबेल मिळवलं. परीक्षेत आम्ही त्याला 'ए आणि बी ची सुधारणा' म्हणून पाठ केला होता, बी म्हणजे कणांची स्वतःची जागा, ए म्हणजे ओढ. लोकलमध्ये ओळखीचे लोक असले की चौथी सीट होते ना, तसलं काहीतरी. (ही उपमा पण कुठेतरी चुकणारच आहे, भाकरीनंतर मी उपमांना घाबरतो.)

टायरचं पण सांगतो, कारण तिथे मी दुसऱ्यांदा तोंडावर पडलो. पंक्चरवाला म्हणाला की लांबून आलाय, टायर गरम आहे, आत्ता हवा मोजू नका. मी लगेच मनात गणित : गेज ३२, तापमान २७ वरून ५७, ३०० चा ३३०, दहा टक्के वाढ, म्हणजे ३५ दाखवेल. दाखवले जवळजवळ ३७. मला वाटलं गेज खराब. गेज बरोबर होता. टायरचा गेज बाहेरच्या हवेच्या वरचा दाब दाखवतो, बाहेरच्या हवेचे १४.७ तो धरतच नाही. खरा दाब ३२ अधिक १४.७, त्याची दहा टक्के वाढ करायची, मग १४.७ परत वजा. छत्तीस पूर्णांक सात. म्हणजे शून्य कुठे धरलंय याची चूक, जी अकरावीतला प्रत्येक पोरगा तापमानात करतो : २७ अंशाचे ५४ अंश केले की जागा दुप्पट होते म्हणून लिहून मोकळा. मी स्वतः पेपरात केलीये. सेल्सिअसचं शून्य म्हणजे पाण्याच्या सोयीचं शून्य, वायूला त्याच्याशी देणंघेणं नाही. इमारतीची उंची तिसऱ्या मजल्यावरून मोजायला घ्यायची आणि मग म्हणायचं की पाचवा मजला चौथ्याच्या दुप्पट उंच नाही कसा. कुठलाही वायू घ्या, थंड करत जा, जागा घटत जाण्याची रेघ तशीच पुढे वाढवली तर ती सगळ्यांची एकाच ठिकाणी जाऊन टेकते, उणे २७३.१५. वायूचा तळमजला तो. तिथून मोजा, मग दुप्पट म्हणजे दुप्पट. हे आम्हाला 'रूपांतर करा, २७३ मिळवा' असं सांगितलं होतं. का मिळवा, ते नाही.

एसटीपीला (प्रमाण तापमान आणि दाबाला) एक मोल म्हणजे २२.४ लिटर हे पण असंच घोकलेलं, आणि आता नव्या पुस्तकांत २२.७ आहे म्हणून पालक शाळेत भांडायला जातात. वायू तोच आहे हो. प्रमाण दाब एक अ‍ॅटमॉस्फिअर होता तो १९८२ ला एक बार ठरवला, बार जरा कमी, म्हणून जागा जरा जास्त. बॉइल.

आणि शेवटी सिलिंडर. आई आता आमच्याकडे असते आणि सिलिंडर किती उरलाय ते बघायला ओलं फडकं फिरवते. वरचा भाग पटकन वाळतो, खालचा ओलाच राहतो, ओलं दिसेल तिथपर्यंत गॅस आहे. मी तिला विचारलं की यापेक्षा रेग्युलेटरला दाबाचा काटा लावला तर सोपं नाही का पडणार. माझी परीक्षा होती ती, तिची नाही. काट्याचा उपयोग नाही, कारण आत १४.२ किलो भरलाय तो बहुतेक सगळा द्रव आहे. वर थोडा वायू. तुम्ही वायू वापरला की खालून द्रव उकळून तेवढीच भरती करतो, तापमान तेच असेल तर दाब तोच, पहिल्या दिवशीही आणि अडतिसाव्या दिवशीही. एनची उधारी चालू असते. म्हणून ज्योत महिनाभर एकसारखी, आणि द्रव संपला की मग खरा वायूचा नियम लागू होतो आणि पाहुणे दारात असताना पाच मिनिटांत सगळं खलास. रिक्षातला सीएनजी वायूच असतो म्हणून तिथे काटा चालतो, इथे फडकंच चालतं. आई म्हणाली, "काटा कशाला, फडकं हाय की."

हे सगळं लिहायचं कारण म्हणजे मागच्या महिन्यात त्या क्लासमधल्या एका पोराचा, आता पोरगा कसला, चाळिशीला आलाय, चाकणला चांगल्या पोस्टवर आहे, व्हॉट्सअ‍ॅपवर गुरुपौर्णिमेचा मेसेज आला. फुलं, समई, नमस्कार. मला काय वाटलं कुणास ठाऊक, मी त्याला लांबलचक उत्तर लिहिलं. की बाबा रे, तुला मी भाकरीचं उदाहरण दिलं होतं ते चूक होतं, भाकरी वाफेने फुगते, हवेने नाही, हिशोब असा असा, सहा थेंब वगैरे. पंधरा-वीस वर्षांचं ओझं उतरवलं. दोन निळ्या टिका आल्या. मग बराच वेळ टायपिंग, टायपिंग.

"सर काय राव," त्याने लिहिलं, "परवाच मुलीला तेच शिकवलं. तिने प्रोजेक्ट केलाय त्याच्यावर. थर्माकोलची भाकरी करून दिली मी रात्री बारापर्यंत जागून. पहिला नंबर आलाय."